दफेदाराची पावलं

१

हरफूल दफेदाराचा चेहरा अख्ख्या बांसखेडीला पाठ होता. नव्हता तो फक्त मनभरीला, आणि मनभरी तर त्याच्याच घरात राहत होती. ती त्याच्या धाकट्या भावाची बायको. थोरल्या दिरासमोर घुंघट छातीपर्यंत ओढायचा आणि तोंडातून शब्द काढायचा नाही, ही जाटांच्या घरातली रीत. धापां, म्हणजे तिची सासू, रीतीच्या बाबतीत कुणाला तसूभर सूट देणारी बाई नव्हती. त्यामुळे लग्न होऊन आल्यापासून मनभरीनं दिराचं जे काही पाहिलं ते घोट्याच्या खालचं. उजव्या पायाचा अंगठा बाहेर वळलेला, टाचेला जुनी भेग, आणि चालताना डावं पाऊल जरासं घासायचं. जन्मभर खोगिरावर बसलेल्या माणसाचे पाय असेच फाकतात म्हणे.

चेहऱ्याचं कौतुक करायला गाव होतंच. हरफूल घोडदळात दफेदार, म्हणजे हवालदार होता; काबूलच्या मोहिमेवरून तो परत आला तेव्हा त्याच्या छातीवर चांदीचा तारा होता. जखमी गोऱ्या साहेबाला त्यानं गोळ्यांच्या माऱ्यातून घोडीवर घालून आणलं होतं. गावचा लंबरदार झम्मन म्हणजे आपल्याकडचा पाटीलच. त्यानं तो तारा हातात घेतला, दाताखाली धरून पाहिला आणि चांदी खरी असल्याचं चौपालात, म्हणजे गावच्या चावडीवर, जाहीर केलं. लोक हसले, गूळ वाटला. त्याच दिवशी घरच्या दारात मनभरीच्या बांगड्या फोडल्या. तिचा नवरा तोखा त्याच रिसाल्यात होता, त्याच लढाईत गेला. परत आली ती त्याची घोडी. शिलेदारी पलटणीत घोडी सवाराची स्वतःची असते, म्हणून काजळी घरी आली.

रोज सकाळी दफेदार काजळीला दोरीनं धरून गावतळ्यावर पाणी पाजायला नेई. मनभरी अंगण झाडून मागोमाग घागरी घेऊन जाई, पण मध्ये चांगलं अंतर ठेवून. त्या थंडीत एके दिवशी ती काठावर घागर टेकवून उभी होती आणि सवयीनं खाली बघत होती. चिखलात काजळीच्या खुरांचे ठसे उमटले होते. तिनं ते पाहिले आणि पुन्हा वाकून पाहिले. ठसे खोल होते. मोकळी घोडी एवढी रुतत नाही. ही घोडी कुणाला तरी पाठीवर घेऊन चालली होती.

चारा भरपूर पडतोय, घोडी अंगानं सुटली असेल, असं म्हणून तिनं घागर भरली आणि घरी आली.

२

आता इथं एक सांगायला हवं. मनभरीचा बाप मंगत हा खोजी होता. कुणाची म्हैस चोरीला गेली की त्याला बोलावणं यायचं. तो चोराच्या पावलांवरून चार गावं ओलांडून थेट चोराच्या दारात जाऊन उभा राहायचा. मुलगी लहान असताना त्याच्याबरोबर रानात फिरायची, आणि बाप तिला मातीतलं सगळं वाचून दाखवायचा. डोक्यावर ओझं असेल तर पाऊल सपाट पडतं. पाठीवर असेल तर माणूस पुढं झुकतो, बोटं रुततात, टाच हलकी राहते आणि पावलं जवळजवळ पडतात. एकदा त्यानं तिला दोन माग शेजारी शेजारी दाखवले. एक माणूस धान्याचं पोतं घेऊन गेला होता, दुसरा आपल्या आजारी बापाला पाठुंगळी घेऊन. वजन तेवढंच होतं. "पोतं असलं की पावलं सारखी पडतात," मंगत म्हणाला होता. "पाठीवर माणूस असला की एक पाऊल दुसऱ्यासारखं पडत नाही. जिवंत ओझं हलतं, पोरी. ते सरकतं, श्वास घेतं."

तिनं आठवडाभर काजळीचा माग पाहिला. तळ्याकडे जातानाही खोल, येतानाही खोल. शेजारी दफेदाराची पावलं, तो अंगठा, ती घासलेली डावी बाजू, अगदी नेहमीसारखी. म्हणजे तो घोडीवर बसत नव्हता. तरी खात्री करावी म्हणून तिनं शेजारच्या भतेरीला आडून विचारलं. भतेरीला कारणच हवं होतं.

"तो आणि बसेल?" भतेरी हसली. "सरकारनं तारा दिला त्याला घोड्यावरच्या मर्दुमकीचा, आणि हा घोडीमागनं मोतद्दारासारखा चालतो. आमचे हे म्हणाले, दफेदार, जरा फेरी मारून दाखवा की. तर म्हणतो, तिच्या पाठीवर जागा नाही."

"जागा नाही?"

"तिचं वय झालंय असं म्हणायचं असेल गं. लढाईवरून आलेली माणसं बोलतात तिरपं."

मनभरीच्या मनात पाल चुकचुकली. तिनं ती हाकलली. तिला ती हाकलायचीच होती, खरं सांगायचं तर. कारण घरात तिच्या चादरीची बोलणी चालू झाली होती.

विधवा झालेल्या भावजयीवर दिरानं चादर घालायची, म्हणजे ती त्याची बायको झाली. घरची सून घरात राहिली, शेत घरात राहिलं. दफेदाराची बायको तो मोहिमेवर असताना तापानं गेली होती, मूलबाळ नव्हतं. मनभरीलाही नव्हतं. गावाच्या दृष्टीनं याहून सरळ हिशेब नव्हता. तिनं नाही म्हटलं तर माहेरी जायचं, आणि माहेरी बाप राहिला नव्हता. भाऊ होता, आणि भावापेक्षा मोठ्या आवाजाची भावजय होती. तिच्या उंबऱ्यात शिळ्या तुकड्यावर म्हातारपण काढायचं, एवढाच दुसरा रस्ता. शिवाय दफेदारानं तिच्यावर कधी आवाज चढवला नव्हता. ती अंगणात आली की तो खाकरून बाजूला होई. मनभरी पंचविशीतली बाई होती, दगड नव्हती. तिला घर हवं होतं, माणूस हवा होता. एकच गोष्ट तिला आधी कळायला हवी होती: तोखा खरंच मेला का, आणि कसा. कारण त्याचं प्रेत कुणी पाहिलं नव्हतं. पाहिलं असेल तर ते एकट्या दफेदारानं.

३

दिवस ठरवायला लंबरदार आणि दोन म्हातारे घरी आले. बाहेरच्या खोलीत हुक्का फिरू लागला. मनभरी भिंतीआड चुलीपाशी रोट्या थापत होती. भिंत मातीची, मधे हातभर फट. लंबरदारानं लढाईची गोष्ट सांगायला लावली. ती गोष्ट त्यानं आधी किती वेळा ऐकली होती देव जाणे, पण तारा मिळालेला माणूस गावात असताना कोण सोडतं?

दफेदार सांगू लागला. आवाज पाठ केल्यासारखा. रिसाला ओढ्याच्या पात्रात सापडला. दोन्ही बाजूंच्या टेकड्यांवरून पठाणांच्या बंदुका. पाण्यावर बर्फाची साय. त्याचा घोडा पहिल्याच फैरीत कोसळला. तोखाला गोळी लागली, तो जागच्या जागी गेला. काजळी मोकळी धावत होती, ती दफेदारानं धरली. लेफ्टनंट साहेब मांडीला गोळी लागून पाण्यात पडला होता, त्याला पुढ्यात घातलं, आणि समोरचा काठ चढून निघाला.

"काठ उंच होता," तो म्हणाला. "चिखल गोठलेला. घोडी घसरत होती. हात सोडवायला वेळ लागला, नाहीतर आधीच वर आलो असतो."

हुक्क्याची गुडगुड थांबली. कुणाचे हात, असं एका म्हाताऱ्यानं विचारलं.

मग दफेदार म्हणाला, "तोखाचे. लगामावर होते."

लंबरदारानं घाईनं सांभाळून घेतलं. मेलेल्याची मूठ फार घट्ट बसते, त्याच्या आजोबांची गाईच्या दाव्यावर बसली होती तशी. दुसऱ्या म्हाताऱ्यानंही मान डोलावली असावी. गुडगुड पुन्हा सुरू झाली आणि बोलणं उसाच्या भावावर गेलं.

मनभरीच्या तव्यावरची रोटी जळाली. तोखा जागच्या जागी गेला आणि घोडी मोकळी धावत होती, तर तिच्या लगामावर तोखाचे हात कुठून आले? तिनं जळकी रोटी स्वतःच्या ताटात टाकली आणि दुसरी थापायला घेतली. लढाईच्या गडबडीत माणसाला पुढचं मागचं आठवत नाही, असं ती स्वतःला समजावत राहिली. चादरीचा दिवस मात्र त्या संध्याकाळी पक्का झाला.

४

चादर पडण्याआधी मेलेल्याची घोडी दारात नको, असं लंबरदाराचं मत पडलं. दफेदारानं एका शब्दानंही विरोध केला नाही. उलट त्याला सुटल्यासारखंच वाटलं असावं. त्याची बहीण पलीकडच्या गावात दिली होती, तिच्या घरी काजळीला पाठवायचं ठरलं. मेहुणा येऊन शिवेवर थांबला, दफेदार घोडीला तिथवर घेऊन गेला.

दुपारची वेळ होती. मनभरी गोवऱ्या आणायचं निमित्त काढून शिवेकडे निघाली. नुकतंच पाणी दिलेल्या मोहरीच्या शेताकडेनं वाट जात होती, त्यामुळे माती ओली. जाताना घोडीचे ठसे खोल, रोजच्यासारखे. शिवेवरच्या शमीच्या झाडापाशी सगळे थांबल्याच्या खुणा होत्या. तिथून पुढे मेहुण्याचे जोडे आणि शेजारी काजळीचे खूर. तिनं गुडघ्यावर बसून पाहिलं. खूर उथळ होते. मोकळ्या जनावराचे, हलके, जवळजवळ नाचरे. एवढी हलकी घोडी तिनं बांसखेडीत एकदाही पाहिली नव्हती.

तिला रडूच आलं, सुखाचं. संपलं म्हणायचं. जे काही होतं ते घोडीबरोबर होतं, आणि घोडी गेली. तिनं डोळे पुसले, ओढणी सावरली आणि घरच्या वाटेला लागली.

त्याच वाटेवर दफेदाराची परतीची पावलं होती. तीच भेग, तोच वळलेला अंगठा. पण बोटं रुतली होती आणि टाच जेमतेम टेकली होती. पावलं जवळजवळ पडली होती, पाय फाकलेले. दोन ठिकाणी तो थांबला होता, माणूस ओझं सावरायला थांबतो तसा. तिनं एका पावलात हात घातला. मनगटापर्यंत खोल गेला.

ती तशीच उकिडवी बसून पुढची पावलं पाहत गेली. एकही पाऊल दुसऱ्यासारखं नव्हतं.

५

त्यानंतर घरात आवाज बदलले. दफेदार खाटेवर बसला की सुतळी अशी करकरे, की ती तुटणार असं वाटे. मग त्यानं खाट सोडली आणि जमिनीवर पालथा झोपू लागला. भिंतीला टेकून बसायचं त्यानं बंद केलं. जेवताना वाकून जेवे, आणि घास घेताना मधेच थांबून मान एका बाजूला कलती करी, कानाशी कुणी बोलत असल्यासारखी. मनभरी हे पाहत नव्हती, काही ऐकत होती, काही जमिनीवरच्या सावलीवरून ताडत होती. तिच्या नजरेला फक्त ताट, त्याची बोटं आणि जमीन.

भतेरीनं निदान केलं की लढाईत पाठ धरली असेल, थंडीत दुखणं वर येतं. वैद्याला विचारलं तर त्यानंही तेच सांगितलं आणि मोहरीचं तेल कोमट करून चोळायला सांगितलं.

धापांनं उन्हात चटई टाकली, लेकाला पालथं घातलं. मनभरी तेलाची वाटी ठेवून चुलीकडे वळली, पण वळता वळता सासूच्या हातांवर तिची नजर पडली. म्हातारीचे हात लेकाच्या कमरेपासून वर गेले, खांद्यापाशी पोचले आणि थांबले. बोटं ताठ झाली. मनभरीला वाटलं, आता ही किंचाळणार.

धापां किंचाळली नाही. मग तिचे हात पुन्हा हलू लागले, अगदी सावकाश, तान्ह्याला न्हाऊ घालताना हलतात तसे. थोड्या वेळानं तिनं हाक मारली. "मनभरी, तेल संपलं. अजून आण."

मनभरीनं दुसरी वाटी आणली. तीही संपली. एका पाठीला एवढं तेल लागत नाही. मनभरीनं जमिनीकडे बघत तिसरी वाटी आणून ठेवली, पण विचारायची छाती झाली नाही. ती चुलीपाशी जाऊन बसली.

त्या दिवसापासून धापां बदलली. धाकट्याच्या बातमीपासून जी बाई हसली नव्हती ती जात्यावर गुणगुणू लागली. दफेदाराच्या ताटात रोट्या वाढू लागली, त्याचं पोट भरलं तरी वाढतच राहिली. एकदा तिनं आपणहून सुनेला सांगितलं, की लहानपणी तोखा चालायचाच नाही, सातव्या वर्षापर्यंत थोरल्याच्या पाठुंगळी बसून गाव फिरला. शेवटी बापानं छडी घेतली तेव्हा उतरला. सांगताना म्हातारीच्या डोळ्यांत पाणी होतं आणि तोंडावर हसू होतं.

"चादर लवकर पडू दे बाई," ती म्हणाली. "माझी दोन्ही पोरं घरात आहेत. आता तू तेवढी हातची जाऊ नकोस."

सासूचं डोकं फिरलंय, असं मनभरीनं मनाला सांगून पाहिलं. पण मग तेल कुठं गेलं?

६

चादरीच्या आदल्या दुपारी तिनं रीत मोडली. धापां भतेरीकडे गेली होती. दफेदार गोठ्यात बसला होता, रिकाम्या दावणीसमोर. मनभरी दारात उभी राहिली, घुंघट तसाच, आणि लग्न होऊन आल्यापासून पहिल्यांदा थोरल्या दिराशी बोलली.

"मला एक सांगा. तो तिथं मेला का?"

दफेदाराचे पाय हलले. त्याला धक्का बसला असावा, पण रागावला नाही. आवाज आला तो चौपालातल्या दफेदाराचा नव्हता.

"माझा घोडा पडला तेव्हा सगळे पुढं निघून गेले होते. तोखा परत आला. माझ्यासाठी. मला पुढं घेतलं, स्वतः मागं सरकला."

"मग?"

"मग साहेब दिसला."

गोठ्यातली म्हैस दोर ओढून पाणी मागत होती. दोघांनीही तिच्याकडे लक्ष दिलं नाही.

"तिघांना घेऊन घोडी काठ चढेना," दफेदार म्हणाला. "तोखाच्या पायाला गोळी लागली होती. नुसती पायाला."

मनभरीनं दाराची चौकट धरली. "तो काही बोलला?"

"माझ्या गळ्यात हात घालून बसला होता. ते सोडवले, तर त्यानं लगाम धरला. दादा, उतरवू नको म्हणाला." मग तो हलकेच म्हणाला, "तेच म्हणतो अजून."

तिनं ओरडायला हवं होतं, गाव गोळा करायला हवं होतं. ती चौकटीशीच उभी राहिली. कारण समोरचे पाय थरथरत होते, शेतातून दिवसभर ओझं वाहून आलेल्या माणसाचे थरथरतात तसे. तिला त्याची कीव आली आणि कीव आली याचाही राग आला.

"उद्या मी नाही म्हणणार," ती म्हणाली. "मी माहेरी जाईन."

"नाही म्हणू नकोस." दफेदार गुडघ्यांवर पुढं सरकला, इतका, की त्याचे तळहात तिच्या पावलांपाशी टेकले. "तो माझ्याकडून उतरणार नाही. तुझ्याकडे येईल. तुझं ऐकेल तो. मी फार थकलोय, मनभरी."

तेव्हा तिला कळलं, तो तिला बायको म्हणून मागतच नव्हता. ओढ्याच्या काठावर त्यानं एकदा स्वतःचं ओझं हलकं केलं होतं. आता पुन्हा करायला निघाला होता. तिनं पाय मागं घेतले आणि घरात जाऊन आपल्या कपड्यांचं गाठोडं बांधलं.

७

चादर दुपारी पडायची होती. अंगणात सतरंजी घातली, गावातली बायामाणसं जमली, एका परातीत गूळ, एका ताटात हिरव्या बांगड्या. गाठोडं दाराआड तयार होतं. सगळ्यांसमोर नाही म्हणायचं आणि उठून चालू लागायचं, असं मनभरीचं ठरलं होतं. भाऊ गर्दीत होता, त्याचे जोडे तिनं ओळखले होते. भावजयीच्या हातचे शिळे तुकडे चालतील, पण हे नको.

तिला दफेदारापुढं बसवलं. लंबरदार आणि म्हाताऱ्यांनी पांढरी चादर उलगडली आणि दोघांच्या डोक्यावरून टाकली. आतमध्ये उजेड दुधासारखा झाला. चादरीखाली घुंघट वर करायची मुभा असते. मनभरीनं तो वर केला आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदा मान वर केली.

दफेदाराचा चेहरा तिनं मनात धरला होता त्याहून म्हातारा होता. गाल बसलेले, ओठ निळसर. गळ्याशी कुडत्याची पट्टी आत दाबली गेली होती, आवळून धरल्यासारखी. छातीवर तारा लावलेला होता, पण तो दिसत नव्हता. सरळ लटकायचा सोडून कशाखाली तरी दबून तिरका झाला होता. "हो म्हण," तो ओठांतल्या ओठांत म्हणाला.

मनभरीचं त्याच्याकडे लक्ष राहिलं नाही. ती चादरीकडे बघत होती.

चादर तिच्या डोक्यावर टेकली होती. दफेदाराच्या डोक्यावर टेकली होती. आणि त्याच्या डोक्यामागे, खांद्याच्या जरा वर, आणखी एका ठिकाणी उचललेली होती. तिथं कापड गोल ताणलं होतं. त्या गोलाच्या खालच्या अंगाला ते हळूच आत ओढलं जाई, खळगा पडे, आणि मग पुन्हा बाहेर येई. आत, बाहेर. थंडीनं दात वाजणाऱ्या माणसासारखं, तुटक तुटक.

बाहेर बाया गात होत्या. लंबरदारानं खाकरून विचारलं, "पोरी, राजी आहेस ना?"

नाही, हा शब्द मनभरीच्या जिभेवर होता. तो तिथं होता, हे तिनं पुढं भतेरीला शपथेवर सांगितलं. पण दफेदार नाही म्हणाला होता, साहेब वर चढला होता, रिसाला पुढं निघून गेला होता. त्या ओढ्यापासून इथवर जो तो तोखाला नाहीच म्हणत आला होता. चादरीतला तो खळगा आत ओढला गेला आणि तसाच राहिला, वाट बघत.

"राजी आहे," मनभरी म्हणाली. दफेदाराकडे न बघता.

बायांचा आवाज चढला, कुणी गूळ उधळला. चादर काढली तेव्हा हरफूल दफेदार उभा होता, ताठ, रिसाल्यात उभा राहायचा तसा, आणि मोठमोठे श्वास घेत रडत होता. माणसांनी त्याला मिठ्या मारल्या, पाठीवर थापा मारल्या. त्या थापा त्याच्या पाठीवर नीट वाजल्या. त्यानं एकदाही मागं वळून पाहिलं नाही.

मनभरीला उठता येईना. हात जमिनीला टेकून ती अर्धी उठली आणि पुन्हा गुडघ्यांवर बसली. गळ्याभोवती गार काहीतरी घट्ट झालं. नवरी म्हातारीसारखी उठते म्हणून भतेरी हसायला लागली, हात द्यायला वाकली, तिचा हात मनभरीच्या खांद्याला लागला आणि तिचं हसू तिथंच राहिलं. ती दोन पावलं मागं सरली आणि गर्दीत मिसळली.

धापां मात्र जवळ आली. हातात पांघरायचा जाड खेस होता, उन्हात तापवून आणलेला. तिनं तो सुनेच्या अंगावर घातला. खांद्यावर घालतात तसा नाही, बराच वरून, आणि मग दोन्ही बाजूंनी नीट खोचत आणला. कुठं फट राहिली नाही ना, ते तिनं हातानं चाचपून पाहिलं.

"सांभाळून ऊठ," ती म्हणाली. "त्याच्या पायाला लागेल."

मनभरीनं दोन्ही हात मागं नेले आणि ओझं जरा वर घेतलं.